पाचव्या जुडीला कंबर सरळ

मातोरी, नाशिक
रविवार

त्या दिवशी सकाळी मी गोठा झाडला, गायीची धार काढली, अंघोळीचं पाणी चुलीवर ठेवलं (गॅस आहे, पण अंघोळीचं पाणी गॅसवर तापवायचं म्हटलं की मला उगीच चोरी केल्यासारखं वाटतं), शिळी भाकर दुधात कुस्करून खाल्ली आणि कोथिंबिरीच्या वाफ्यात जाऊन बसले. बयाबाई अजून यायची होती. अर्धा वाफा उपटून झाला, मुळांची माती झटकली, वीसेक जुड्या बांधून ओल्या गोणपाटावर टाकल्या, आणि मान वर केली तर बांधावर आमचा रविराज उभा. हातात बॅग नाही, डोळ्यांत झोप नाही, पायांत मुंबईचे पांढरे बूट, आणि ते बूट सरळ पाणी दिलेल्या वाफ्यात.

पण थांबा, नमस्कार राहिला. पत्राची सुरुवात नमस्कारानं करतात हे मला माहीत आहे, पण ती सकाळ डोक्यात इतकी बसली आहे की पेनाचं टोपण काढल्याबरोबर तीच आधी बाहेर पडली. आता नवा कागद कोण घेईल.

तर तीर्थरूप रंगूवन्सं यांच्या पायांवर मैना डोकं ठेवते. (तुमची टाच दुखते असं कळलं, म्हणून डोकं हलकेच ठेवलं आहे.) दाजींची शुगर कशी आहे? सकाळी चालतात का, की चपला घालून ओट्यापर्यंत जाऊन परत येतात? सूनबाई, नातवंडं ठीक असतील. कांद्याचं विचारत नाही. विचारलं की तुम्हाला त्रास होतो, आणि ऐकून मला. इकडे मी बरी आहे. गाय बरी आहे. बयाबाईचे दोन दात पडले, पण बोलणं कमी झालेलं नाही.

फोन का केला नाही, असं म्हणाल. फोनवर मी "हॅलो वन्सं" म्हणते, आणि त्यानंतर माझी पाळी येते ती एकदम "बरं, ठेवते" म्हणायला. पत्रात तुम्हाला मध्ये बोलता येत नाही. त्यातून सांगायचं आहे ते लांब आहे, आणि शेवटी तुमच्याकडे एक कामही आहे, म्हणून चष्मा लावून शेवटपर्यंत वाचा. सूनबाईकडून वाचून घेऊ नका.

रव्याच्या गाण्याच्या धंद्यावर तुमचा विश्वास कधीच नव्हता. राग म्हणून नाही म्हणत, आठवण म्हणून म्हणते. तो नऊ वर्षांचा असताना विहिरीवरची मोटार चालू होती, आणि हा पाटीपेन्सिल टाकून ह्यांच्याकडे पळत गेला, "बाबा, मोटार रोज काळी दोनमध्ये वाजते, आज खाली आलीय." काळी दोन म्हणजे पेटीची दुसरी काळी पट्टी, हे आम्हाला तरी कुठं माहीत. भजनी मंडळाच्या पेटीवर बसून हा शिकला होता. ह्यांनी मोटार बंद करून उघडली, तर आतून जळका वास. आणखी अर्धा तास चालली असती तर गेली असती. त्या दिवसापासून हे रव्याला गाण्यावरून एक शब्दही कधी बोलले नाहीत. वर गावातले लोक त्याला बोलावून न्यायचे, "जरा आमची मोटार ऐकून जा रे." डॉक्टरसारखा जायचा, विहिरीच्या कडेला डोळे मिटून उभा राहायचा आणि म्हणायचा, "हिचा सूर ठीक आहे. बेअरिंग बघा." तुम्ही त्या वर्षी दिवाळीला आलात आणि म्हणालात, "एवढा कान हाय तर वायरमन कर की!" तुमचं चुकलं असं नाही. वायरमनला पेन्शन असतं.

नंतर तो लग्नाच्या वरातीत बँजो वाजवायला लागला, निफाडपासून नांदगावपर्यंत एकही नवरदेव ह्याच्या बँजोशिवाय घोड्यावर चढला नसेल. मग मुंबईला गेला. तिथं एका मोठ्या संगीतकाराच्या हाताखाली चार वर्षं राहिला, त्यातली पहिली दोन वर्षं नुसता चहा आणत होता (हे तुम्हाला मी तेव्हा सांगितलं नाही, आता सांगते). आणि मग त्याला पहिलं स्वतःचं काम मिळालं ते मालिकेतलं. तुम्हाला आठवतच असेल. सासूनं मान वळवून सुनेकडे बघितलं की "ढँण!" वाजायचं, आणि मग तीच मान तीन वेळा दाखवायचे, प्रत्येक वेळी "ढँण!" तो ढँण आपल्या रव्याचा. मी सगळ्या नातेवाइकांना फोन केले. तुम्ही पूर्ण भाग पाहिलात आणि फोनवर म्हणालात, "गाणं कुठं हाय? नुसतं भांडं पडल्यासारखं वाजतंय. त्यामा काय शे?" (तुम्ही सटाण्याची भाषा बोलायला लागलात की मी समजते, आता राग खरा आहे.)

पण ह्यांचं ऐका. हे मालिका बघायचे नाहीत. बायकांच्या भांडणात पुरुषानं बसू नये, असं म्हणायचे, आणि बरोबर आठ वाजता बाहेर ओट्यावर, खिडकीखाली जाऊन बसायचे. एकदा मी पाणी द्यायला गेले तर हे बोटांवर मोजत होते. "लाभ... दोन... तीन..." भाग संपला तसे आत आले आणि म्हणाले, "आज एकवीस झाले. काल सतराच होते. पोरगं मेहनत घेतंय."

मोजणं हा ह्यांचा स्वभाव होता, तुम्हाला काय सांगायचं. (मोजणी मीच शिकवली, असं तुम्ही आता म्हणाल. म्हणा. एकेचाळीस वर्षं म्हणताच आहात.) एक न म्हणता लाभ म्हणून सुरुवात तर बाजारात सगळेच करतात, पण ह्यांची मोजणी वेगळी. ढिगातून जुडी उचलायची, वाकूनच गोणपाटावर टाकायची, लाऽभ, दोन गं, तीन गं, चार गं, अशा चार खालच्या आवाजात, आणि पाचवीला एक हात कमरेवर ठेवून सरळ व्हायचं, तसा आवाजही कमरेबरोबर वर चढायचा, "पाऽऽच!" मग क्षणभर थांबायचं आणि पुन्हा वाकायचं. एकोणिसाव्या वर्षी पोतं उचलताना भरलेली ती कंबर जन्मभर तशीच राहिली. वाफ्यात हे मोजायला लागले की शेजारच्या रानातल्या बायकांचे हात त्याच तालावर चालायचे. हे गेले तेव्हापासून त्या सकाळपर्यंत, म्हणजे तीन वर्षं, मी मोठ्यानं मोजलेलं नव्हतं. बयाबाई मोजते. ती ओठ हलवून मोजते आणि मध्ये गोष्ट सांगते, त्यामुळे आमचा शेकडा कधी एकशे तीनचा होतो, कधी एकशे सातचा. व्यापारी बयाबाईची तब्येत रोज विचारतात.

ह्यांनी रव्याचा ढँण ऐकला, त्यानं चाल दिलेली पंपाची जाहिरात ऐकली, पण पुढचं काही ऐकलं नाही. आठ वाजताच्या त्या दुसऱ्या मालिकेचं शीर्षकगीत, जे तुमच्या नातीच्या फोनची रिंग आहे (तिनं मला सांगितलं, तुम्ही नाही सांगितलं), ते हे गेल्यावर चार महिन्यांनी आलं. मग दोन पिक्चर झाले, तिसरा डब्यात गेला, आणि मग हा चौथा. चौथ्याची गोष्ट अजून कुणाला सांगायची नाही अशी रव्यानं मला शपथ घातली आहे. बयाबाईला माहीत आहे, म्हणजे गावाला माहीत आहे, पण मी लिहिणार नाही.

तर तो वाफ्यात उभा होता. जेवेना, बोलेना. मी ठरवून टाकलं की मुलीचं काहीतरी आहे. दुपारपर्यंत मी त्या मुलीला मनातल्या मनात माफही करून टाकलं होतं. शेवटी म्हणाला, "आई, पिक्चर हातातून चाललाय." शेखर म्हणून एक आहे, पिक्चरचा दिग्दर्शकही तोच आणि पैसे लावणाराही तोच (म्हणून दाढी करायला वेळ नाही). त्याला बाजारात माल भरणाऱ्या बाईचं गाणं हवं होतं. रव्यानं बारा चाली केल्या. शेखर बाराही वेळा म्हणाला, "छान आहे, पण ही बाई गाण्याच्या क्लासला जाते." आठ दिवसांत चाल मिळाली नाही तर काम दुसऱ्याला. मग हळूच म्हणाला, "आई, बाबांची मोजणी म्हण ना. मला पहिले पाच आठवतात, पुढं कुठं वळते ते आठवत नाही."

मी नाही म्हटलं. सरळ नाही. म्हटलं, "ते गाणं नाही, ती त्यांची कंबर आहे. कंबरदुखी पिक्चरमध्ये घालतोस?" त्यानं बूट धुतले, तसेच ओले घालून गेला.

दोन दिवस मी कामं केली. तिसऱ्या दिवशी बयाबाई मोजत होती, आणि बहात्तरावर तिला तिच्या जावेची गोष्ट आठवली, आणि ती पुन्हा बासष्टपासून सुरू झाली. तेव्हा मला वाटलं, आपण गेलो की ही मोजणी कुणाकडे राहणार? हिच्याकडे? वन्सं, मी त्या क्षणी उठले. शंभर जुड्या बाजूला काढल्या, कारण रिकाम्या हातानं मोजणी येत नाही. पहाटे झिपरूची भाजीची पिकअप मुंबईला निघते तिच्यात पुढं बसले. झिपरूनं विचारलं, "मावशी, माल कुठं टाकायचा?" म्हटलं, "स्टुडिओत."

स्टुडिओच्या दारावर जो माणूस असतो त्यानं माझ्याकडे पाहिलं, गोणीकडे पाहिलं आणि बोटानं मागचं दार दाखवलं. मागचं दार कँटीनचं. तिथल्या मालकानं "आज लवकर आलात, बरं झालं" म्हणून गोणी आत ओढली. मला वाटलं, किती माणुसकी आहे मुंबईत. त्यानं चहा दिला. मी चहा पिऊन रव्याला फोन लावेपर्यंत आत खटखट ऐकू यायला लागलं. माझं गाणं चिरत होते, वन्सं! चटणीला! मी आत धावले आणि त्या आचाऱ्याच्या हातातली सुरी धरली. तेरा जुड्या गेल्या होत्या. रव्या आला तेव्हा मी, आचारी आणि मालक असे तिघं एका पाटीला धरून उभे होतो. मालक म्हणाला, "साहेब, या बाई माल देऊन परत मागताहेत." रव्या म्हणाला, "ही माझी आई आहे." मालकानं पाटी सोडली, आणि मी मागं बटाट्यांवर बसले.

रेकॉर्डिंगची खोली म्हणजे शीतगृहच. मी म्हटलंसुद्धा, कोथिंबीर इथं आठ दिवस टिकेल. काचेपलीकडे स्नेहल म्हणून एक मुलगी बसते, आवाज तीच पकडते. तिनं माझ्या कानांवर टोप्या चढवल्या, त्यांत टिक टिक टिक वाजत होतं. त्या टिकटिकीवर मोजायचं म्हणे. मी लाभ म्हटलं, जुडी टाकली. पाचव्याला ती थांबवायची. "मावशी, तुम्ही टिकटिकच्या बाहेर जाताय." सहा वेळा थांबवलं. शेवटी मी म्हटलं, "बाई, मी नाही बाहेर जात. तुमच्या टिकटिकीला कंबर नाही, ती काय करणार?" रव्या काचेमागून काहीतरी बोलला, आणि टिकटिक बंद झाली.

मग मी कानांवरचं काढलं, गोणपाट जमिनीवर अंथरायला लावलं, पदर खोचला आणि वाकले. लाऽभ, दोन गं, तीन गं, चार गं. पाचव्याला माझा हात आपोआप कमरेवर गेला. माझी कंबर दुखत नाही, वन्सं. कधीच दुखली नाही. पण हात गेला, आणि आवाज वर चढला तो माझा नव्हता. पुढं कुठं वळायचं ते मला आठवावं लागलं नाही, जुड्यांनीच सांगितलं. मी जुडी अजून ह्यांच्या मुठीच्या मापाची बांधते. माझी मूठ लहान, म्हणून दोनदा धरावी लागते. सत्त्याऐंशीला जुड्या संपल्या. मी थांबले नाही, गोणपाटावरच्या तेरा पुन्हा उचलून टाकल्या आणि शंभर पुरे केले. बाजारात हे पाप आहे. कलेत चालतं, असं रव्या नंतर म्हणाला. तेव्हा तो काचेला डोकं टेकून उभा होता. स्नेहल उठून आत आली, आणि एवढी शिकलेली मुलगी, काय करावं न सुचून पडलेल्या काड्या गोळा करायला लागली. शेखर आला, त्यानं एकदाच ऐकलं आणि म्हणाला, "ही बाई बाजारात गेलेली आहे."

गाणं मागच्या महिन्यात फोनवर आलं, ते तुम्ही ऐकलं असेलच. (ऐकलंत ना? नातीनं मला कळवलंय, तुम्ही तीनदा लावायला लावलंत.) जुडी गोणपाटावर पडते तो थप् आवाज तालाला आहे, ढोल मागून येतो. पंचवटीच्या बाजारात हमाल आता ह्यांच्यासारखे मोजतात. टीव्हीवर एका विद्वान गृहस्थांनी अर्धा तास समजावलं की ही पाच मात्रांची लय फार जुनी आहे, निसर्गाच्या श्वासातून आली आहे. मी टीव्हीला म्हटलं, "पोत्यातून आली आहे. नव्वद किलोच्या." आणि सगळ्यांत मोठी गंमत परवाच्या वरातीत. नाचाच्या मास्तरांनी माझं स्टुडिओतलं पाहून पिक्चरमध्ये तसाच नाच बसवला आहे, आणि तो गाण्याबरोबर फोनवर आलाय. बँडनं ते गाणं धरलं, आणि पाचव्याला अख्खी वरात, नवऱ्याचे मित्र, करवल्या, फेट्यातले मामा, सगळे एक हात कमरेवर ठेवून सरळ झाले, "पाऽऽच!" दोनशे माणसं, वन्सं. दोनशे माणसांच्या कमरेत तुमचा भाऊ. मी अक्षता टाकायला गेले होते, त्या हातात तशाच राहिल्या.

इथं पत्र संपवलं असतं तर बरं झालं असतं. पण गेल्या मंगळवारी रव्यानं मला पिक्चर दाखवायला नेलं. अजून लोकांना दाखवायचा आहे, आधी घरच्यांना दाखवतात. छोटंसं थिएटर, वीस खुर्च्या. मी रव्याच्या पहिलीच्या पुस्तकावर आणि बियाणांच्या पाकिटांवर वाचायला शिकले, त्यामुळे मला एक खोड आहे, अक्षर दिसलं की सोडायचं नाही. पुस्तकात छापखान्याचा पत्तासुद्धा वाचते. पिक्चर संपला, सगळे उठले, आणि नावं वर सरकायला लागली तशी मी बसून राहिले. गाडी चालवणाऱ्यांची नावं होती. चहा देणाऱ्याचं होतं. पिक्चरमध्ये एक कुत्रा आहे, त्याचं नाव होतं, मोती, आणि मोतीला सांभाळणाऱ्याचंही. संगीत, रविराज केरू थेटे, वाचून मी हात जोडले. आणि मग आलं, बाजाराचं गाणं, मूळ चाल आणि शब्द : पारंपरिक.

मला शब्द कळतो. पारंपरिक म्हणजे ज्याचं नाव विचारायला कुणी गेलं नाही तो. मी उभी राहिले आणि मोठ्यानं म्हटलं, "पिक्चर मागं घ्या." लोकांना वाटलं मला चक्कर आली. रव्या खाली मान घालून म्हणाला, "आई, मी सांगितलं होतं. वकील ऐकत नाहीत." शेखर समजूत घालायला आला. "मावशी, लाभ तर सगळेच म्हणतात. लोकांचंच आहे ते." मी म्हटलं, "सगळे म्हणतात ना? मग म्हणा. आत्ता म्हणा." तिथं पाण्याच्या बाटल्यांचं खोकं होतं. मी ते सगळ्यांसमोर ओतलं. शेखरनं मोजल्या, एका दमात वीस, मास्तरांना घाबरलेल्या मुलासारख्या. वकिलानं मनातल्या मनात मोजल्या. झिपरू मला न्यायला आला होता, तो तर रोज बाजारात असतो, त्यानं जोडीजोडीनं मोजल्या, दोन, चार, सहा, गाणं नाही नि बिणं नाही. मी म्हटलं, "कुणाची कंबर सरळ झाली? पाचव्याला वर कोण गेलं? तुमच्या सगळ्यांच्या कमरा चांगल्या आहेत, म्हणून तुम्हाला हे सुचलं नाही. ज्याची दुखत होती त्याला सुचलं. कुत्र्याला नाव आहे, त्याला का नाही?"

तेवढ्यात स्नेहल मागच्या खुर्चीवरून म्हणाली, "सर, मावशी बरोबर बोलताहेत. मीसुद्धा सहा वेळा थांबवलं होतं." शेखरनं वकिलाकडे पाहिलं, वकिलानं बाटल्यांकडे पाहिलं, आणि ठरलं. पडद्यावर नाव येणार. अख्ख्या ओळीत एकटं, मोतीच्या आधी. ह्यांचं नाव एवढ्या मोठ्या अक्षरात आयुष्यात कुणी लिहिलं नव्हतं, वन्सं. ट्रॅक्टरच्या मागंसुद्धा आपण देवाचं लिहिलं होतं.

तर अशी सगळी खुशाली आहे. तुमचे आशीर्वाद रव्याच्या पाठीशी होतेच, फक्त ते वायरमनच्या पाठीशी होते एवढंच. दाजींना नमस्कार, लहानांना पापा. टाचेला एरंडाचं तेल लावा.

तुमची,
मैना

ता. क. सोबत एक कागद ठेवला आहे. वकील म्हणतात, उद्या कुणी म्हणालं ही चाल आमची, तर काय? म्हणून घरातल्या सगळ्यांत मोठ्या माणसाची सही हवी, की ही चाल केरू बहिरू थेटे यांचीच. घरात मोठ्या आता तुम्हीच. शुक्रवारच्या आत पोचली नाही तर पारंपरिकच राहणार. सही खाली उजव्या बाजूला करा. अंगठा चालत नाही, आणि तुम्हाला सही येते हे मला माहीत आहे.

दुसरा ता. क. वर सांगितलेला कागद फाडून टाकला आहे, सोबत आहे तो दुसरा. पाकीट चिकटवायला बसले आणि हात चालेना. ह्यांनी मला लग्नाच्या पहिल्या वर्षीच सांगितलं होतं, ते मी आजवर कुणाला सांगितलं नाही, शेखरला नाही, रव्यालाही नाही, आणि तुम्हाला तर मुळीच नाही. म्हणाले होते, "ही चाल रंगूआक्काची. आम्ही लहान असताना ती मेथी मोजायची तेव्हा म्हणायची. मी तीत फक्त कंबर घातली." एकेचाळीस वर्षं तुम्ही म्हणत राहिलात आणि एकेचाळीस वर्षं मी हसण्यावारी नेलं. तुम्ही खरं बोलत होतात. नव्या कागदावर मी असं लिहिलं आहे : चाल, रंगूबाई. पाचवीचा थांबा, केरू बहिरू थेटे. रव्याला फोन करून सांगितलं. तो म्हणाला, दोन ओळी घेऊ. आता स्वतःच्या नावावर सही करायला लाजू नका. आणि पिक्चर लागला की या. नावं येईपर्यंत उठायचं नाही.

तिसरा ता. क. रव्यालाही दिली नाही अशी एक गोष्ट आहे. शंभर झाले की हे शंभर म्हणून थांबायचे नाहीत. आणखी एक जुडी उचलायचे आणि घरासाठी बाजूला ठेवायचे, "आन् ही मैनीची." स्टुडिओत मी शंभरावर तोंड मिटलं. ते पिक्चरचं नाही. मुंबईहून आले त्याच्या दुसऱ्या दिवशी मी बयाबाईला बसायला सांगितलं, पदर खोचला, शंभर जुड्या मोठ्यानं मोजल्या, आणि एक बाजूला ठेवली.